सगळे बोर्ड सारखेच?

"अनुताई, पुढचा फोटो मी काढू?" गोपालने लाडात विचारलं आणि हर्षदाने तोंड फिरवलं. सख्ख्या बहिणीला हा पठ्ठ्या कधी 'ताई' म्हणत नसे.

मावसबहीण अनुजा सुट्टीसाठी वडोदऱ्याहून आली होती, ती आपल्या वडिलांचा जुना थर्मल कॅमेरा घेऊनच. तो उजेड नाही, उष्णता टिपायचा. गार ते निळं, गरम ते पिवळं-पांढरं. तेव्हापासून गोडादरा वस्तीतली अख्खी गल्ली तिच्याभोवती. आईसुद्धा पहिली भाकरी तिलाच वाढायची. वर्गात पहिली येणारी हर्षदा घरात जणू दिसेनाशी झाली होती.

आज तिघं हर्षदाच्या वडिलांचा डबा द्यायला कापड विणायच्या लूमच्या कारखान्यात आली होती. आत जळकट वास येत होता.

"परवापासून येतोय," तिचे वडील हिलाल म्हणाले. "छगनभाईंना सांगितलं, तर म्हणे बाहेरचा वास आहे."

छगनभाई म्हणजे सुपरवायझर. अनुजाने लगेच भिंतीवरच्या सगळ्या विजेच्या बोर्डांचे फोटो घेतले. कॅमेऱ्यातल्या फाइली छगनभाईंच्या मोबाइलवर उघडेनात, म्हणून घरी येऊन तिने लॅपटॉपवर त्यांचे साधे फोटो करून पाठवले. थोड्याच वेळात त्यांचा आवाजी निरोप आला, "बेटा, बधा सरखा छे. प्रत्येक बोर्डावर तोच पांढरा डाग. खेळणं आहे तुझं."

अनुजाचा चेहरा पडला. हर्षदाला मात्र गारगार वाटलं. जिरली!

अनुजा तोंड धुवायला गेली, तशी हर्षदाने लॅपटॉप पुढे ओढला. मूळ फाइलीतल्या डागावर बाण नेला की तिथलं तापमान दिसत होतं. एका बोर्डावर एक्केचाळीस अंश. पुढच्यावर चाळीस. त्याच्या पुढच्यावर एकशे बारा!

मग तिन्ही डाग सारखेच पांढरे कसे? तिने फोटो शेजारी शेजारी लावले आणि तिला उमगलं. प्रोग्राम प्रत्येक फोटोतल्या सर्वांत गरम जागेला पांढरा रंग देत होता, मग ती कोमट असो की भाजणारी. साध्या फोटोत आकडे गळून गेले, उरले फक्त रंग.

आता हे सांगितलं, तर कॅमेरा खरा ठरणार. म्हणजे पुन्हा अनुजाचाच उदो उदो. हर्षदाने लॅपटॉप मिटला. पण त्या बोर्डापासून हातभर अंतरावर वडिलांचा लूम होता. तिला बसवेना.

"अनुजा, इकडे ये," तिने हाक मारली. "चूक सापडली."

दोघींनी सगळ्या फोटोंना रंगांचं एकच माप लावलं आणि नव्याने साधे फोटो केले. आता सगळे बोर्ड निळे होते आणि एकच पांढराफटक.

तिघं धावतच कारखान्यात पोहोचली. मालक योगराजशेठही तिथेच होते. छगनभाई खुर्चीत रेलून म्हणाले, "आलं का परत खेळणं?"

"काका," हर्षदा शांतपणे म्हणाली, "हा पांढरा बोर्ड तुमच्या पाठीमागचाच आहे."

छगनभाई टुणकन उठले. एवढ्या चपळाईने उठताना त्यांना कुणी पाहिलं नव्हतं.

शेठनी मेन स्विच बंद करायला लावला. वायरमनने बोर्ड उघडला, तर आतल्या वायरीचं प्लास्टिक वितळून काळं पडलं होतं. तो म्हणाला, "आज रात्रीपर्यंत आग लागली असती. भोवती सगळं सूतच."

शेठनी अनुजाच्या पाठीवर थाप मारली. "शाबास! कॅमेरेवाली बेटी."

हर्षदा दोन पावलं मागे सरली. व्हायचं तेच झालं होतं.

"शेठ, चूक मीच केली होती," अनुजा म्हणाली. "शोधली हर्षदाने. मला तर दिसलीच नाही."

सगळ्या माना हर्षदाकडे वळल्या. हिलालनी तिच्या डोक्यावर हात ठेवला. "माय, तुनी नजर भारी शे," ते म्हणाले. शेठनी छगनभाईंना सगळे बोर्ड आजच तपासून घ्यायला बजावलं.

घरी जाताना गोपाल पुन्हा अनुजाचाच हात धरून चालला होता. हर्षदाला ते टोचलं, नाही असं नाही. पण मग ती भराभर पावलं टाकत त्यांच्याजवळ गेली आणि इतके दिवस ओठांवर अडलेलं बोलून टाकलं.

"अनू, मलाही शिकव ना तो कॅमेरा."