त्याच्या वाटणीचं वाक्य

त्या दुपारी मी कड्यावरून पडत होते आणि पडताना ओरडणं काही केल्या जमत नव्हतं.

म्हणजे पडत होता लॅपटॉपवरच्या कार्टूनमधला एक जपानी पोरगा. ओरडत होते मी, धम्मप्रिया, सोलापुरात, बुधवार पेठेतल्या आमच्या घराच्या मागच्या खोलीत. चारी भिंतींवर सोलापुरी चादरी टांगलेल्या, कारण त्या आवाज पिऊन घेतात. पंखा बंद, कारण त्याची घरघर माइकमध्ये येते. बाहेर एप्रिल. उकडून नुसता जीव चाललेला. शेवटी डोळे मिटले आणि बेंबीच्या देठापासून एक किंकाळी ठोकली.

आणि दार धाडकन उघडलं.

दारात एक उंच, सावळा मुलगा. घामानं निथळलेला, हातात मच्छरदाणीची काठी. त्यानं खोलीभर नजर फिरवली. चोर नाही, साप नाही, फक्त कानाला हेडफोन लावलेली मी. त्यानं तोंड उघडलं... मिटलं... परत उघडलं.

आता माझी एक खोड सांगते. मी जपानी कार्टूनच्या मालिकांना, ॲनिमेला, इंग्रजी आवाज देते. चित्रातली तोंडं जपानी बोलून मोकळी झालेली असतात. त्याच उघडझापीत आपलं इंग्रजी वाक्य बसवायचं. रोज हेच करून अशी सवय लागलीय की समोर तोंड उघडलं आणि शब्द आले नाहीत, तर माझी जीभ वळवळते. मी भरूनच टाकते.

"बोला की," मी म्हटलं. "'बाई, तुम्ही वेड्या आहात का?' हेच ना?"

"न्हाय," तो सावकाश म्हणाला. "पाणी पायजे का, असं इचारणार हुतो."

तो काठी पाठीमागे लपवत म्हणाला, "वर नवीन भाडेकरू आलोय. सिद्धांत. वळसंगचा... चिंचोळीला कंपनीत असतो. तुमी ओरडला, म्हणून..." आणि गेला. दोन मिनिटांत खरंच माठातलं पाणी घेऊन आला. त्या उन्हात असं गार पाणी मी कधी प्याले नव्हते, इतकं सांगते आणि पुढे जाते.

सिद्धांत सावकाश बोलायचा. त्याच्या घरी कन्नड आणि मराठी दोन्ही चालतं, त्यातला हवा तो शब्द शोधून आणायला वेळ लागतो, असं तो म्हणायचा. मला वाटतं, तो मुळातच घाई न करणारा होता. आईला पहिल्याच दिवशी "जय भीम, मावशी" म्हणाला आणि आई विरघळली. सुट्टीला गावी जाऊन आला की त्याच्या आईच्या हातची कडक भाकरी आणि शेंगाची चटणी आमच्या घरी पोचायची.

"तुमी पोराचा आवाज कसा काढता?" त्यानं एकदा विचारलं.

"बायकाच काढतात पोरांचे आवाज. पोरांचे, खारीचे, गर्दीतल्या म्हातारीचे. नायिका तेवढी कुणी देत नाही मला."

"का?"

"नायिकेचा आवाज मऊ लागतो. माझा ऐकताय ना?"

त्याचं तोंड उघडलं. मी लगेच, "'खरंय, कावळ्यासारखा आहे.'"

"न्हाय," तो म्हणाला आणि हसला. "मी... असू दे." आणि कानापर्यंत लाल झाला. त्या लाल कानांकडे मी जरा जास्तच वेळ बघितलं.

माझं रेकॉर्डिंग असलं आणि त्याची सुट्टी असली की तो गल्लीच्या तोंडाशी उभा राहायचा. भाजीवाल्याला हळूच सांगायचा, "जरा ओरडू नका की, आत रेकॉर्डिंग चालू हाय." भाजीवाला विचारायचा, लग्नाचं का? हा काही उत्तर द्यायचा नाही म्हणे, नुसता उभा. मला हे भाजीवाल्यानंच सांगितलं, कोथिंबीर देताना. त्या दिवशी मी घरी कोथिंबीर आणली आणि मेथी विसरले.

आवडायला लागला होता मला. उगाच कशाला लपवू? जिन्यावर त्याची चप्पल वाजली की माझा हात आपसूक केसांकडे जायचा.

आणि मग बंगळूरहून फोन आला. ज्या स्टुडिओसाठी मी घरून काम करायचे, त्यांनी मला नायिका दिली. मोठी मालिका, मुख्य भूमिका, वर्षभराचं काम. पण तिथं येऊन राहायचं.

आई रडली, हसली, परत रडली. मी धावत गच्चीवर गेले. सिद्धांत वाळलेले कपडे काढत होता. एका दमात सगळं सांगितलं.

त्याच्या हातातला शर्ट तसाच राहिला. तोंड उघडलं... मिटलं. परत उघडलं.

मला भीती वाटली. तो "जाऊ नको" म्हणाला तर मी थांबेन की काय, याची. आणि तो काहीच म्हणाला नाही तर, याची तर त्याहून जास्त. मग भ्यायल्यावर जे करते तेच केलं. हसत हसत म्हटलं, "राहू द्या, मीच बोलते. 'अभिनंदन मॅडम. खुशाल जा, मोठ्या व्हा, आम्हाला विसरू नका.' बरोबर?"

तो माझ्याकडे बघत राहिला. मग तोंड मिटलं त्यानं.

"व्हय," म्हणाला. "तसंच." आणि कपडे घेऊन खाली गेला.

त्यानंतर तो दिसेनाच. जादा ड्यूटी घ्यायला लागला. जिन्यावर भेटलाच तर मान हलवायचा. मी चिडले. स्वतःशी भांडले, भांडी आपटली.

"काय झालंय?" आईनं विचारलं.

"काय व्हायचंय? त्याला काही फरक पडत नाही. मी जाते म्हटलं, तर 'व्हय' म्हणाला."

"कशाला 'व्हय' म्हणाला?"

मी गच्चीवरचं सगळं सांगितलं. आई भाकरी थापता थापता थांबली.

"म्हणजे वाक्य तुझंच होतं की गं. त्या पोरानं नुसती मान डोलावली. त्याला काय बोलायचं होतं, ते तू ऐकलंस कुठं?"

मी स्कूटी काढली. भर दुपारी, तोंडाला ओढणी गुंडाळून, थेट चिंचोळी एमआयडीसी. त्याच्या कंपनीच्या फाटकासमोर लिंबाखाली उभी राहिले. पाळी सुटली, माणसं डबे हलवत बाहेर पडली, आणि त्यांत तो. मला बघून दचकलाच.

"काय झालं? मावशी बऱ्या हायत ना?"

"बऱ्या आहेत. सिद्धांत, त्या दिवशी गच्चीवर तू काय बोलणार होतास?" तुम्हीवरून तूवर कधी आले, कळलंच नाही. "ते ऐकायला आलेय. मी मधे बोलणार नाही."

त्याचं तोंड उघडलं. मिटलं.

माझ्या जिभेवर तीन वाक्यं तयार होती. तिन्ही त्याच्या तोंडात चपखल बसली असती. मी ओढणीचं टोक दातांत धरलं. मागून कामगारांची बस गेली, धूळ उडाली. तो अजून शब्द शोधत होता. कुणीतरी त्याला हाक मारली, त्यानं तिकडं बघितलंसुद्धा नाही. मी थांबले.

"जाऊ नको, असं म्हणणार न्हवतो मी," तो शेवटी म्हणाला. "तू जायलाच पायजे. लई राबलीस त्या खोलीत." थांबला. "आन् आवडतीस, हे बी सांगणार न्हवतो. ते तर... तुला ठाऊकच असंल, असं वाटलं."

मी ओढणी आणखी घट्ट चावली.

"मी इचारणार हुतो... मी बी येऊ का? तुला कन्नड येत न्हाय. मला येतंय. तितं बी कंपन्या हायतच की, काम मिळंल." मग एकदम खाली बघून, "मावशींना इचारून. रीतसर. लग्न करून."

दुनियाभरच्या तोंडांत शब्द भरणारी मी. ओढणी सुटली, तोंड उघडलं, आणि आतून काही म्हणजे काही येईना. डोळे तेवढे भरून आले.

तो हसला नाही. त्यानं घाई केली नाही, माझ्या वतीनं काही बोललाही नाही. लिंबाची सावली एव्हाना सरकली होती, तर उन्हाच्या बाजूला होऊन माझ्यावर सावली पडेल असा उभा राहिला आणि वाट बघत राहिला.

"ये की," मी म्हटलं.