गार टाकी

फोन सकाळीच आला. पाळणाघरातली अकरा पोरं दूध पिऊन आजारी, एक तर सलाईनवर डोळेही उघडत नाही. अन्नखात्याच्या तपासनीस बाई अर्ध्या तासात डेअरीत हजर झाल्या.

दूध तापवायच्या खोलीत टाकी चालवणारी मुलगी भिंतीला टेकून उभी होती. तिचे बाबा वर्षापूर्वी याच खोलीत छातीत कळ येऊन गेले. तेव्हापासून टाकी तिच्याकडे. डेअरी तिच्या काकांची.

“लिहा, चूक माझीच,” ती म्हणाली. “माझं काय व्हायचं ते होऊ दे. बाबांना मध्ये आणू नका.”

बाईंचं पेन थांबलं. गेलेल्या माणसाला मध्ये कोण आणतंय?

“बाबांचा काय संबंध?”

“ते येतात. महिना झाला. टाकी चालू असते, आत दूध ढवळलं जात असतं, आणि हात लावला की थंडगार. शेवटी त्यांचा हात गार लागला होता ना, अगदी तशी. मी रोज बोलते त्यांच्याशी. रागावलेत बहुतेक.”

“मग दूध पुढे सोडलंस कसं?”

तिनं दुधाचं तापमान टिपणाऱ्या नोंदयंत्राचा गोल कागद पुढे केला. दूध भरल्या क्षणापासून शेवटपर्यंत रेघ त्रेसष्ट अंशांवर, आखल्यासारखी सरळ.

“हाताचं ऐकू की यंत्राचं?”

“कुणाला बोललीस?”

“काकांना. ते म्हणाले, तुझा बापच फिरतोय, घाबरू नकोस, सही कर.”

“टाकी तापवायला वाफ कोण सोडतं?”

“काकाच. महिनाभर मला वाफेच्या चावीला हात लावू देत नाहीत. भाजशील म्हणतात.”

तेवढ्यात काका आत आले. “बाई, पोरीच्या डोक्यावर परिणाम झालाय हो! तिचं काय ऐकता?”

“तिचं नाही, रेघेचं ऐकतेय,” बाई म्हणाल्या. “गार दूध भरल्याबरोबर त्रेसष्ट अंश? अहो, चुलीवरचं पातेलंसुद्धा आधी कोमट होतं. रेघ हळूहळू चढायला हवी. ही चढलीच नाही, कारण तापमापीची कांडी दुधात नव्हतीच.”

त्यांनी यंत्राची वायर धरून ओढली. टाकीमागून गरम पाण्याचा थर्मास बाहेर आला. कांडी त्यात बुडवलेली होती.

“त्रेसष्ट अंशांवर अर्धा तास ठेवलं, की दूध उकळत नाही पण रोगाचे जंतू मरतात. दुधातलं एक नैसर्गिक द्रव्यही त्याच तापाला नष्ट होतं. दवाखान्यानं रात्रीच तपासायला पाठवलेल्या पाळणाघरातल्या बाटलीत ते शाबूत सापडलं, प्रयोगशाळेनं मघाशीच कळवलं. तुम्ही वाफ सोडलीच नाहीत, काका.”

काकांचा चेहरा पडला. “तापवलं की मलईचा थर पातळ होतो. गिऱ्हाईक तोंडावर बाटल्या आपटत होतं. आमचे आजे-पणजे कच्चंच दूध प्यायले, कोण मेलं?”

“मेलेली मोजायला कोण बसलं होतं? आणि पोरीला टाकी गार लागली, तर सख्ख्या भावाचं भूत उभं केलंत! लाज नाही वाटली?”

बाईंनी फोन लावला. पोलीस आले आणि काकांना घेऊन गेले.

“तुझ्यावर ठपका नाही येणार, मी लिहीन तसं,” बाई मुलीला म्हणाल्या.

तिनं ते ऐकलंच नाही. “म्हणजे बाबा आलेच नव्हते?”

बाईंना खोटं बोलावंसं वाटलं. फार वाटलं.

“नाही गं.”

“एकदाही नाही?”

बाईंनी नकारार्थी मान हलवली. मुलगी मटकन खाली बसली. बाबा गेले त्या दिवशी तिच्या डोळ्यांतून टिपूस आलं नव्हतं. आता ती हंबरडा फोडून रडू लागली.