नोरीननं दिलेलं वाक्य

यातलं एक अक्षरही मी पदरचं घातलेलं नाही. उलट मी हे लिहितेय असं घरी कळलं, तर बोलणीच खावी लागतील. पण घडलं ते घडलं.

मागच्या वर्षीच्या नोव्हेंबरमधला दुसरा मंगळवार. दुपारचे तीन. इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरचं क्रोमर गाव.

बेरिल ऑस्टविक ही माझ्या नवऱ्याची मावशी. वय शहाऐंशी. टीव्हीवरच्या एका मालिकेत ती एकोणीस वर्षं हॉस्पिटलची मेट्रन होती. एके काळी तिला ओळखत नाही असं घर या देशात नव्हतं. मासळीवाला अजूनही खेकडा कागदात बांधताना विचारतो, "काय मेट्रन, आज एकच?"

ती आणि तिची धाकटी बहीण विनी, दोघीच समुद्राकाठच्या घरात राहतात. विनीमावशीनं लग्न केलं नाही. जन्मभर शाळेत गणित शिकवलं. जीभ अजून तशीच तिखट आहे.

त्या शुक्रवारी जुन्या कलाकारांच्या आठवणी टिपायला दोन माणसं कॅमेरा घेऊन येणार होती. म्हणून बेरिलमावशी विनीसमोर तालीम करत होती.

किस्सा ठरलेला. आमच्या लग्नातही तिनं तोच सांगितला होता.

साल १९५९. तेव्हा टीव्हीवर नाटकं थेट दाखवत. चूक झाली की ती देशभर दिसायची. एकवीस वर्षांची बेरिल पहिल्यांदाच नायिका झाली होती. कॅमेऱ्याच्या बाजूला संहिता घेऊन नोरीन नावाची मुलगी उभी असायची. प्रॉम्प्टर. तिच्या हातात एक बटण. नट वाक्य विसरला की ती बटण दाबायची आणि घरोघरच्या टीव्हीचा आवाज बंद व्हायचा. तेवढ्यात ती वाक्य सांगायची आणि बटण सोडायची. लोकांना वाटायचं, आपलाच टीव्ही बिघडला.

"...आणि शेवटच्या प्रवेशात मी अडखळले," मावशी हात उडवत म्हणाली. "तर त्या वेंधळ्या नोरीननं मला भलत्याच पानावरचं वाक्य..."

आणि...

आवाज गेला.

भिंतीवरचं घड्याळ. गॅसवरची किटली. खिडकीबाहेरचे सीगल. सगळं एकदम मुकं.

किटलीतून वाफ निघत होती. शिट्टी ऐकू येत नव्हती. समोर विनीचे ओठ हलत होते.

मग डाव्या कानाशी... अगदी जवळ... बाईचा आवाज आला.

हळू. सपाट. भाव नसलेला. प्रॉम्प्टरचा असतो तसा.

"तिनं वाक्य बरोबर दिलं होतं."

खट्!

किटली किंचाळायला लागली.

"काय गं? काटा अडकल्यासारखं तोंड काय केलंस?" विनी विचारत होती.

"तू आत्ता काय म्हणालीस?"

"म्हटलं, पासष्ट वर्षं हाच किस्सा ऐकतेय, आता आधी चहा ओत."

मावशीनं चहा ओतला. निम्मा बशीत सांडला.

बुधवारी चर्चच्या हॉलमध्ये कॉफीला बायका जमल्या. कुणीतरी म्हणालं, "बेरिल, तो प्रॉम्प्टरचा किस्सा सांग ना!" ती सांगायला लागली. त्याच वाक्याला... तेच. तीस बायका तोंडं हलवतायत आणि हॉलमध्ये टाचणी पडल्याचाही आवाज नाही. कानाशी मात्र तेच पाच शब्द.

गुरुवारी ती एकटीच धक्क्यावर गेली. समुद्र खवळलेला. लाटा खांबांवर आपटत होत्या. तिनं दुसरे किस्से मोठ्यानं म्हणून पाहिले. काही झालं नाही. मग नोरीनचं नाव घेतलं...

लाट फुटली. पाणी उसळलं.

आवाज नाही.

ती घरी आली ती कोटही न काढता विनीच्या समोर बसली.

"विने, नोरीननं वाक्य बरोबर दिलं होतं. तीनदा दिलं. माझंच डोकं रिकामं झालं होतं गं."

विनीनं शब्दकोडं खाली ठेवलं.

"दिग्दर्शक ओरडला, कुणाची चूक? मी तिच्याकडे बोट दाखवलं. ती माझ्याकडे नुसती बघत राहिली. त्याच रात्री तिला काढून टाकलं."

"आणि नंतर?"

"फेब्रुवारीत गेली. न्यूमोनिया. मी साधी फुलंसुद्धा पाठवली नाहीत."

विनीनं चष्मा काढून शब्दकोड्यावर ठेवला.

"आणि तू त्यावर पासष्ट वर्षं हशे घेतलेस," ती म्हणाली.

"उद्या खरं सांगू?"

"ते मला काय विचारतेस? शहाऐंशीची घोडी झालीस."

शुक्रवारी दोघं आली. प्रश्न विचारायला मोराग नावाची स्कॉटिश बाई आणि कॅमेरा आणि आवाज सांभाळायला डेसमंड. दिवे लागले. मावशीनं ओठ रंगवले, पाठ ताठ केली. मेट्रनच ती. गप्पा छान रंगल्या.

आणि मग मोरागनं हसतच तो प्रश्न विचारला. किस्सा तिनंही ऐकलेला होता. हसायला तयारच बसली होती.

ते हसू बघून मावशीचा धीर सुटला. तिनं जुनाच किस्सा सुरू केला.

आवाज गेला.

या वेळी ती थांबली नाही. मुरलेली नटी! स्वतःचाच आवाज ऐकू येत नसताना ओठ हलवत राहिली. कानाशी ते वाक्य आलं. पुन्हा आलं. तिसऱ्यांदा आलं.

मग दिव्यांची घरघर परत ऐकू आली. डेसमंडनं कानावरचे हेडफोन काढले होते. त्याचा चेहरा पांढरा पडला होता.

"माफ करा बाई, मधला आवाज आलाच नाही. चौतीस सेकंद. यंत्र तर ठीक आहे."

"त्या चौतीस सेकंदांत काहीच नाही?"

त्यानं मोरागकडे पाहिलं. मग हळूच विचारलं, "तुमच्या डाव्या बाजूनं कुणी बोलत होतं का?"

मावशी पाणी प्यायली.

"पुन्हा घेऊ," ती म्हणाली.

आणि तिनं खरं सांगितलं. बोट दाखवलं तेही. न पाठवलेल्या फुलांचंही. शब्दन् शब्द टिपला गेला. मोराग हसली नाही. जाताना तिनं मावशीचा हात नुसता दाबला.

त्या संध्याकाळी मावशी पोटभर जेवली. तिला वाटलं, फिटलं.

पुढचे तीन आठवडे काही झालं नाही.

मग डिसेंबरमधली एक सकाळ. दोघी न्याहारीला बसल्या होत्या. विनी टोस्टला लोणी लावत कुरकुरत होती, "मार्मलेड संपवून रिकामी बरणी परत कपाटात कोण ठेवतं? भूत?"

मावशी हसली. आणि हसता हसता...

आवाज गेला.

सुरी टोस्टवर फिरत होती. कुरकुर नाही. घड्याळ नाही.

मावशीनं कप खाली ठेवला. आता काय राहिलं? सगळं तर सांगितलं!

डाव्या कानाशी तोच आवाज. हळू. सपाट. पण वाक्य वेगळं.

"विनी, ऊठ ना गं."

खट्!

"...आणि चमचाही तसाच बरबटलेला!" समोर विनी बोलतच होती. चांगली धडधाकट.

मावशीनं आयुष्यात केलेलं एकूण एक काम आठवून पाहिलं. हे वाक्य कुठल्याच नाटकात नव्हतं. कुठल्याच मालिकेत नव्हतं.

ईस्टरला आम्ही गेलो होतो, तेव्हा स्वयंपाकघरात खेकडे सोलता सोलता तिनं मला हे सगळं सांगितलं. विनीमावशी बाहेर बागेत होती.

"मनाचे खेळ असतील, मावशी," मी म्हटलं.

तिनं हात पुसले.

"प्रॉम्प्टर वाक्य कधी देतो, सांग बरं? तुझी बोलायची वेळ आली की." मग अगदी हळू म्हणाली, "आणि नोरीननं मला चुकीचं वाक्य कधीच दिलं नाही."

डिसेंबरमधल्या त्या दिवसापासून रोज सकाळी सहाला ती विनीच्या दाराबाहेर उभी असते. हाक मारत नाही. नाव तर घेतच नाही. काठी आपटते, जिन्यावर चमचा टाकते, खोकते. आतून "घर पाडतेस का गं, बेरिल?" असं ऐकू आलं, की मगच खाली जाऊन किटली ठेवते.

विनीमावशीला यातलं काहीच माहीत नाही.

मागच्या रविवारी मी फोन केला, तर तीच बोलली. "तुझ्या मावशीला चळ लागलाय. पहाटे उठून काहीबाही आपटत असते. हल्ली मला जागच लवकर येत नाही, अंग जड होतं, आणि ही बाहेर ढोल बडवते!"

"अंग जड होतं?" मी विचारलं.

"वय झालं गं. त्यात काय एवढं?"

मी फोन दुसऱ्या कानाला लावला. मी म्हटलं, "तिकडे वारा सुटलाय का हो फार?"

आणि आम्ही हवेबद्दल बोलत राहिलो.