डोळ्याचं यमक

आधीच सांगते, हे खरं आहे. ज्याला पटायचं त्याला पटेल. नाही पटलं तर सोडून द्या, माझा काही आग्रह नाही.

मी एका छापखान्यात प्रूफं तपासते. एकवीस वर्षं झाली. लोकांच्या चुका शोधायच्या, हेच माझं पोटपाणी. त्यामुळे तिखटमीठ लावून सांगायची मला सवय नाही. उलट फटकळ म्हणूनच मला सगळे ओळखतात.

आणि भुतं रात्री बारा वाजता येतात हे कोणी ठरवलं, देव जाणे.

आमच्याकडे घडलं ते मंगळवारी, दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी. दुसऱ्या मजल्यावरची मागची खोली. लख्ख ऊन होतं. खाली सायकल दुरुस्तीच्या दुकानात कोणीतरी चाकात हवा भरत होतं.

आणि जी आली होती, ती माझी आई होती.

तिला जाऊन तेव्हा चार महिने झाले होते.

आता थोडं मागचं सांगायला हवं. बाबा शाळेत इंग्रजी शिकवायचे आणि आई त्याच शाळेत संस्कृत. मला संस्कृतमध्ये अडतीस मार्क पडले होते, तेही आईच्याच हातून. वर म्हणाली, "पस्तीसला पास आहे. तीन मायेचे दिलेत."

निवृत्त झाल्यावर दोघांनी एक उद्योग काढला. एक जुनी पोथी होती, तीनशे अठरा श्लोकांची. जगणं, मरणं, माणसाच्या मागे काय उरतं, असला सगळा मामला. ती इंग्रजीत आणायची, आणि तीही यमकं जुळवून, कवितेत. बाबांचं म्हणणं असं, की आजची मुलं इंग्रजी वाचतात, आणि यमक असलं की ओळ डोक्यात राहते. नुसता अर्थ सांगितला तर या कानाने ऐकून त्या कानाने सोडून देतात.

रोज दुपारी तीन ते पाच काम चालायचं. आई खिडकीजवळच्या खुर्चीत पोथी घेऊन बसायची. श्लोक म्हणायची आणि बोटाच्या पेराने टेबलावर ठेका धरायची. लहान अक्षराला हलकी टिचकी, मोठ्या अक्षराला दमदार ठोका. आठ अक्षरं झाली की थांबायची. पुन्हा आठ.

बाबांची पद्धत वेगळी. ते वहीच्या उजव्या कडेला आधी यमकाचे दोन शब्द लिहायचे, एकाखाली एक. ओळी मागाहून भरायचे. म्हणायचे, "आधी खुंटी ठोकायची, मग सदरा अडकवायचा."

भांडण व्हायचं ते याच खुंट्यांवरून.

आईचं इंग्रजी पुस्तकी. ती यमक जुळवायची स्पेलिंग बघून. 'पुट'ला 'बट'. 'कम'ला 'होम'. बाबा हसून हसून चष्मा काढायचे.

"अगं, हे डोळ्याचं यमक झालं. कानाला कुठे जुळतंय?"

"लिहिताना जुळतं ना? मग बोलताना तुमचीच जीभ वाकडी जाते, त्याला मी काय करू?"

एवढ्या वर्षांत आईचं एकही यमक वहीत गेलं नाही. पण सुचवायचं तिने कधी सोडलं नाही.

दोनशे सत्त्याहत्तराव्या श्लोकावर आई गेली. सकाळी उठली, पाणी प्यायली, पलंगावर टेकली आणि संपलं. एवढंच.

बाबा दोन आठवडे त्या खोलीत गेले नाहीत. मग एक दिवस स्वतःच वही उघडून बसले. एक्केचाळीस श्लोक उरले होते, आणि डोळे उतरणीला लागले होते. डोळ्यांच्या डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, वाचण्यापुरती नजर फार तर वर्षभर टिकेल. बाबा हातात भिंग धरून वाचायचे आणि जाड काळ्या पेनाने लिहायचे, म्हणजे आपलं आपल्याला दिसावं.

मी त्यांच्याबरोबरच राहायचे. दर रविवारी त्यांची वही कॉम्प्युटरवर टाइप करून द्यायचे.

अशाच एका रविवारी मला ते दिसलं.

एका श्लोकात माणूस शेवटी एकटा निघून जातो, अशा अर्थाचं काही होतं. बाबांनी कडेला 'अलोन' लिहिलं होतं. खाली जोडीच्या शब्दाची जागा कोरी ठेवली होती. त्या कोऱ्या जागी...

पेन्सिलीने लिहिलं होतं, 'डन'.

दोन्हीच्या शेवटी ओ, एन, ई. डोळ्याला चोख. कानाला साफ चूक.

बाबा पेन्सिल वापरत नाहीत. आणि ते अक्षर मी लहानपणापासून माझ्या वह्यांवर बघत आले होते.

मी वही घेऊन बाबांकडे गेले. त्यांनी भिंग लावलं. बराच वेळ बघत राहिले. आणि हसले. चार महिन्यांत पहिल्यांदा.

"ठमे," मला ते लाडाने ठमी म्हणायचे, "हे तुझ्या आईशिवाय कोणाला जमेल का?"

मला वाटलं, झालं. बाबा स्वतःच लिहितात आणि विसरतात. दुःखाने माणूस काय काय करतो.  

त्यानंतरचा मंगळवार.

डोकं दुखत होतं म्हणून मी छापखान्यातून लवकर निघाले. जिना चढताना वरून आवाज आला.

टक... टक टक...

वाटलं, बाबा काहीतरी ठोकतायत. दार हळूच उघडलं. मागच्या खोलीचं दार अर्धवट लोटलेलं होतं.

बाबा टेबलाशी बसले होते. डोळे मिटलेले. दोन्ही हात मांडीवर. मान हळूहळू डोलत होती.

समोरची खुर्ची रिकामी होती.

आणि टेबलावर...

टक. टक टक. टक. टक टक. टक. टक.

मी मोजलं. आठ. मग थांबलं.

पुन्हा आठ.

अडतीस मार्कांची मुलगी मी, पण तो ठेका ओळखायला संस्कृत यावं लागत नाही.   

बाबांनी डोळे उघडले. खुर्चीकडे बघून म्हणाले, "हं. कळलं. पुढचा."

मी तशीच मागे फिरले आणि खाली जाऊन सायकलवाल्याच्या बाकड्यावर बसले. तो म्हणाला, "ताई, तुमच्याकडे दुपारी रोज कोण खिळे ठोकतं हो?"

 म्हणजे त्यालाही ऐकू येत होतं.

खरं सांगते, मला आईची भीती नव्हती वाटली. आईला कोण घाबरतं? भीती बाबांची वाटली. त्यांचं जेवण निम्म्यावर आलं होतं. सदरे अंगावर लोंबायला लागले होते. बाहेर जायचे नाहीत, कोणाशी बोलायचे नाहीत. दिवसभर फक्त तीन वाजायची वाट बघायचे. आणि काम कसं सपाट्याने पुढे चाललं होतं! एकटा माणूस, अर्धे डोळे, आणि आठवड्याला पाच-पाच श्लोक.

माझ्या मनाने घेतलं, की ही त्यांना न्यायला आली आहे. पोथी संपली की बाबाही संपणार.

एक गेली. दुसऱ्याला मी जाऊ देणार नव्हते.

तीन आठवड्यांनी एका शनिवारी बाबा अंघोळीला गेले तेव्हा मी वही उघडली. पेन्सिलीचे शब्द मोजले, अकरा होते. अकराच्या अकरा चुकीची यमकं. माझ्या खणातलं रबर घेऊन मी ते सगळे खोडले. एवढ्यावर थांबले असते तरी चाललं असतं. पण चूक दिसली की माझे हात शिवशिवतात. मी बाबांचंच जाड काळं पेन घेतलं, आणि त्यांच्यासारखं अक्षर काढून बरोबर यमकं लिहिली. अकराही ठिकाणी.

मनात म्हटलं, आई, जा आता. त्यांना राहू दे माझ्याकडे.

सोमवारी सायकलवाला म्हणाला, "आज आवाज नाही तो?"

मंगळवारीही नाही.

बाबा तीनला बसायचे, पाचला उठायचे. वही जशीच्या तशी. आठ दिवसांनी त्यांनी मला विचारलं.

"ठमे, तू वहीला हात लावलास का गं?"

"नाही बाबा."

मी इतक्या पटकन म्हणाले, की माझं मलाच आश्चर्य वाटलं.

"मग माझंच काहीतरी चुकलं." ते खुर्चीकडे बघत होते. "आयुष्यभर तिच्या यमकांना हसलो. ती काही बोलायची नाही, पण लागत असणार तिला. रागावली बघ."

तेव्हाच खरं बोलायचं ना! तोंडात काय मूग धरले होते? पण मी म्हटलं, होईल सवय. दोन महिने जातील, जेवायला लागतील, बाहेर पडतील. माझं गणित असं होतं.

करायला गेले एक आणि झालं भलतंच.

बाबांनी उरलेले श्लोक कसेबसे ओढत नेले. कुठे मजा नाही, कुठे हसणं नाही. नजर तर भराभर गेली. आधी पोथी दिसेना, मग वहीतलं स्वतःचं जाड अक्षरही दिसेना. शेवटी शेवटी मीच पोथी अडखळत वाचायचे आणि ते सांगतील ते लिहून घ्यायचे. तीनशे सतरा झाले.

शेवटचा एक राहिला.

तो त्यांनी मला लिहू दिला नाही. म्हणाले, "हा तिच्यासाठी ठेवू." वही त्या कोऱ्या पानावर उघडून खुर्चीसमोर ठेवायला लावली.

मग रोजचंच झालं. पाच वाजता काठी टेकत स्वयंपाकघराच्या दाराशी यायचे.

"बघ गं, पानावर काही आलंय का?"

पहिले चार-पाच दिवस मी जाऊन बघितलं. पान कोरंच होतं. मग कंटाळा आला. कधी गॅसवर काही असायचं, कधी हात ओले असायचे, कधी छापखान्यातून प्रूफं घरी आणलेली असायची. मी तिथूनच ओरडायचे, "नाही हो बाबा, काही नाही!"

"बरं," म्हणायचे आणि वळायचे.

असे अडीच महिने गेले. एकदाही चिडले नाहीत. एकदाही म्हणाले नाहीत, की जाऊन बघ. एकदा फक्त जाता जाता पुटपुटले, "एवढा राग बरा नव्हे." ते मला नाही म्हणाले, हे मला कळलं होतं.

एका दुपारी पाच वाजून गेले तरी काठीचा आवाज आला नाही.

मी गेले. बाबा टेबलाशीच होते. मान पुढे कललेली, हात वहीवर. हाताला हात लावला तर गार.

सगळं पार पडलं. माणसं आली, गेली. घरात मी एकटी उरले. नवव्या दिवशी ती खोली आवरायला घेतली आणि वही उचलली.

पान कोरं नव्हतं...

उजव्या कडेला, यमकाच्या जागी, पेन्सिलीने दोन शब्द होते. एकाखाली एक. अक्षर आईचं.

'वेट'.

'लेट'.

मी प्रूफं तपासणारी बाई. माझ्या डोळ्यांनी आधी तेच टिपलं. दोन्हीचं स्पेलिंग अगदी वेगळं, एकाच्या शेवटी ए, आय, टी आणि दुसऱ्याच्या ए, टी, ई. डोळ्याला कुठेच जुळत नाही. पण कानाला बरोबर.

बाबा म्हणायचे तसं यमक. आईला जन्मात जमलं नव्हतं तसं.

पान उजेडात धरलं. त्या दोन शब्दांखाली कागद झिजून पातळ झाला होता. लिहून खोडलेलं, पुन्हा लिहून पुन्हा खोडलेलं. किती वेळा, ते मला मोजता आलं नाही. एके ठिकाणी तर आरपार भोक पडलं होतं.

ती रागावली नव्हती हो. काळ्या पेनाने सुधारलेली ती अकरा यमकं तिला बाबांचीच वाटली असणार. आपल्या चुका यांना नकोत, असं समजून ती पुन्हा धडा गिरवत बसली होती. रोज. आणि बाबा हातभर अंतरावर असून त्यांना ते दिसत नव्हतं, म्हणून ते मला विचारायला येत होते.

ते शब्द पानावर नेमके कधी आले, हे मला कळायला मार्ग नाही. कदाचित शेवटच्या दिवशी. कदाचित मी बघायचं सोडलं त्याच्या दुसऱ्या दिवशी. तपासून सांगेल असं आता कोणी उरलेलं नाही.

आमच्या छापखान्याचे मालक म्हणतात, शेवटचा श्लोक तू भर, आपण पुस्तक छापू. यमक तर तयार आहे, दोनच ओळी लिहायच्या.

त्या वहीवर पेन टेकवायची माझी हिंमत होत नाही.