क्वांगचं शेवटचं वाक्य

सरकून बसा पोरांनो. शेन बाओछू माझ्याच दुकानातून कापड न्यायचा, तेव्हा हे त्यानं स्वतः, माझ्या गल्ल्यापाशी बसून सांगितलेलं आहे.

शांघायला तेव्हा बोलपट नुकते येत होते. क्वांग याओथिंग मूकपटातला मोठा नट. नुसती मान वळवली तरी बायका रुमाल काढायच्या. पण गडी कँटनचा, बोलपटाला लागणारी पेकिंगची बोली जिभेवर बसेना. कंपनीनं शेनला नेमलं. आधी शिकव, नाहीच जमलं तर त्याच्या जागी तूच बोल.

चित्रपटाचं शेवटचं वाक्य होतं, "आई, दार उघड. मी आलोय." 'दार' म्हणताना क्वांगचा सूर हमखास खाली पडायचा. शेन बोट वर करायचा, "उचल."

"मास्तर, दार आहे का पालखी?" क्वांग हसायचा.

तापात पडला तेव्हा मात्र हसला नाही. "बाकी सगळं तू बोल, शेन. तेवढं एक माझ्या आवाजात राहू दे. आईनं आजवर मला पडद्यावर नुसतं पाहिलंय."

शेन "बरं" म्हणाला. क्वांग गेला. कंपनीनं तेही वाक्य शेनला दिलं, आणि शेननं घेतलं.

एकतीस सालच्या नोव्हेंबरची बारा तारीख. दुसऱ्या दिवशी सकाळी आवाज भरायचा होता, आणि श्वास कुठे घ्यायचा याच्या लाल खुणांची पानं क्वांगच्या घरी. त्याच्या बायकोनं बजावलं होतं, "दिवस मावळायच्या आत न्या, भावोजी. आज हे गेल्याची सातवी रात्र, गेलेलं माणूस आज घरी येतं. आम्ही आतल्या खोलीत दार लावून बसणार."

शेनला तालमीत उशीर झाला. पोचला तेव्हा रात्रीचे पावणेअकरा.

बाहेरचं दार उघडंच होतं. उंबऱ्याच्या आत राख पसरलेली, येणाऱ्याची पावलं उमटावीत म्हणून. टेबलावर भात, मासा, दारूचा पेला. पेल्याखाली पानं.

शेननं राख ओलांडली. पानं उचलली.

मागे कुणीतरी श्वास घेतला.

"आई... दार उघड..."

सूर खाली पडला.

आणि शेननं... सहा महिन्यांची सवय, दुसरं काय... बोट वर केलं. "उचल."



मग अगदी कानाशी. "आई, दार उघड. मी आलोय."

बरोबर आलं होतं.

शेननं वळून पाहिलं नाही. राख तुडवत पळाला.

सकाळी सगळी वाक्यं नीट गेली. शेवटच्याला ओठ हलले, घशातून आवाज फुटला नाही. नोकरी जाईल म्हणून तो गप्प राहिला. आठवड्यानं आवाजाची तबकडी तयार होऊन आली. मालक ऐकून खूश. "शेवटच्या वाक्याला आवाज बदललास, ते बेस केलंस."

शेननं एक तबकडी मागून घेतली, कँटनची बोट धरली आणि उसन्या ग्रामोफोनवर क्वांगच्या म्हाताऱ्या आईला ऐकवली. शेवटचं वाक्य आलं... ती उठली. दार उघडलं.

बाहेर कुणी नव्हतं. भर दुपारचं ऊन.

उंबऱ्यावर राखेचं एक पाऊल होतं. आत येणारं.