गॅनेट घाटावरची भरती

विश्वास ठेवायचा की नाही, ते तुमचं तुम्ही ठरवा. मी एवढंच सांगते, की पर्ल ड्युहर्स्ट खोटं बोलत नाही.

म्हणजे, बोलते. तिचं पोटच त्यावर आहे. लंडनमध्ये वॉपिंगला, थेम्सच्या काठाकाठानं, खलाशांचे जुने पब दाखवत ती लोकांना हिंडवते. कुठला दर्यावर्दी दरोडेखोर कुठं फासावर लटकला, कुठल्या कप्तानानं कुठं शेवटचा घोट घेतला, असलं सगळं. त्यातलं निम्मं तिनं स्वतः रचलेलं. आणि ते कुठलं, हेही डोळा मारून सांगून टाकते.

हे सांगताना तिनं डोळा मारला नाही.

मी तिच्या वरच्याच मजल्यावर राहते. तिच्या स्वयंपाकघरात बसून ऐकलं मी हे. समोर लेनॉक्स बसला होता, ज्याच्यावर हे बेतलं तो. त्यानं बाह्या वर सारल्या आणि दोन्ही मनगटं टेबलावर ठेवली.

ती मनगटं मी पाहिली आहेत.

गेल्या वर्षीचा नोव्हेंबर. शनिवारची दुपार कललेली. इकडं त्या दिवसांत चहा संपेपर्यंत अंधार पडतो.

पर्लसोबत त्या दिवशी वेल्सहून आलेल्या निवृत्त नर्सबाया होत्या. दहाएक जणी. पुढारी त्यांची ग्वेंडा, आवाज असा की अख्खा वॉर्ड उठून बसावा. आणि त्या सगळ्यांच्या मागे, टोपी हातात चुरगाळत, एकच पुरुष.

लेनॉक्स. पर्लच्या मुलीचा, मेरियलचा, होणारा नवरा.

आजोबा बार्बाडोसचे, पण हा जन्मला, वाढला वॉपिंगलाच. मालवाहू जहाजावर खलाशी. सोमवारी पुन्हा जायचा होता. मेरियलला सहावा महिना. "आईशी एकदा नीट बोलून घे," म्हणून तिनंच त्याला टूरवर धाडला होता.

आणि पर्लला खलाशी या जातीचाच राग. तिचा नवरा जहाजावरून रॉटरडॅमला गेला, तो तिथंच दुसरा संसार थाटून बसला.

"आलास?" तिनं लेनॉक्सला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "मला वाटलं, जमिनीवर चालायला विसरला असशील."

"चालतोय हळूहळू, मिसेस डी."

"मागे राहू नकोस. हरवलास तर मी शोधायला येणार नाही. आधीच सांगते."

ग्वेंडा त्याच्या कानाशी पुटपुटली, "सासू का?"

"होणार आहे. झाली तर."

पहिला पब 'थ्री हॉसर्स'. बसकं छत, काळ्या पडलेल्या तुळया. बाया बसल्या. पर्लनं उभ्यानंच सुरुवात केली.

"इथं बसून आरामात पिताय ना? अडीचशे वर्षांपूर्वी इथला प्रत्येक खलाशी दाराकडं तोंड करून बसायचा. राजाच्या आरमाराला माणसं लागायची. मग टोळी यायची, हातात दंडुके. धरायचं, बडवायचं, घाटावरून होडीत टाकायचं. बायको घरी भाकरी भाजत बसलेली. तिला कळायचंसुद्धा नाही. कळलंच, तर गल्लीतल्या साऱ्या बाया घाटावर धावायच्या, माणूस ओढून घ्यायला."

"पेल्यात राजाचं नाणं टाकायचे म्हणतात ना? ते हाती लागलं की माणूस भरती झाला?" एकीनं विचारलं.

"थापा! ती थाप मीही मारते कधीकधी. नाणं कशाला टाकतील? दंडुका फुकट होता."

बाया खिदळल्या.

"पण कुणालाही नाही न्यायचे," पर्ल पुढं म्हणाली. "खलाशीच हवा. ओळखायचे कसा? हात बघून. तळवा उलटा करायचा, घट्टे चाचपायचे. एकदा हात सापडला, की माणूस गेला."

लेनॉक्सनं हसत दोन्ही तळवे टेबलावर पसरले. "मग मी तर गेलोच की."

"तुझ्यासारख्याला नेलं असतं तर मी त्यांना हात हलवून निरोप दिला असता," पर्ल म्हणाली.

सगळ्या हसल्या. तोही हसला. हात मांडीवर घेतले.

आणि मग त्याचं हसू...

तिथंच थिजलं.

"माझा हात सोडा," तो हळूच म्हणाला.

ग्वेंडा त्याच्या शेजारी होती. तिच्या दोन्ही हातांत पेला होता.

त्यानं वाकून टेबलाखाली पाहिलं. कुणी नव्हतं. पण तळव्यावरून कुणाचा तरी अंगठा फिरत होता. खरखरीत. ओला. एकेक घट्टा चाचपत.

मग सोडला.

पर्लला हे तेव्हा कळलं नाही. तिला वाटलं, एका पेल्यात चढली. "चला, उठा!" ती म्हणाली, आणि छत्री उंचावून बाहेर पडली.

गल्ली अरुंद. दोन्हीकडं जुन्या वखारी, पायाखाली दगडी फरशी. पर्ल पुढं, बाया मधे, लेनॉक्स मागे.

त्याच्या मागे पावलं वाजत होती.

जड बूट. चार-पाच जोड्या.

तो थांबला, की...

तीही थांबायची.

"मिसेस डी, मागून कुणी येतंय का?"

पर्लनं वळून पाहिलं. ओली गल्ली, दिव्याचा पिवळा उजेड. कुणी नाही. पण तिला दुसरंच काहीतरी खटकलं. साठ वर्षं त्या काठावर राहिलेली बाई ती. नदीवरचे पक्षी गप्प होते. इतका वेळ नुसता कलकलाट होता त्यांचा.

"पुढं हो," ती त्याला म्हणाली. "माझ्यासोबत चाल."

का म्हणाली, तिलाच कळलं नाही.

शेवटचा पब 'ब्लू पायलट'. अगदी नदीला चिकटून. त्याच्या अंगानं एक बोळ जातो. हात पसरले तर दोन्ही भिंतींना लागतील, एवढाच. बोळाच्या टोकाला दगडी पायऱ्या थेट पाण्यात उतरतात. गॅनेट घाट.

आत ऊब होती. बाया कोट काढून शेकत बसल्या. पर्ल बोलत राहिली. मधेच पाहिलं, तर लेनॉक्सची जागा रिकामी.

"मेरियलला फोन करतो म्हणाला," ग्वेंडानं सांगितलं. "बराच वेळ झाला की गं."

"खलाशी तो. पळाला असेल," पर्ल म्हणाली.

पण पाय दाराकडं वळले होते.

ती बाहेर आली. मागे दार धाडकन लागलं. वारा नव्हता.

बोळाच्या तोंडाशी फोन पडला होता. त्यातून मेरियलचा आवाज येत होता. "लेनॉक्स? अरे, बोल ना. लेनॉक्स?"

पर्लनं फोन उचलला नाही. कारण तिला ऐकू येत होतं...

वल्ही.

लाकडावर लाकूड घासल्याचा आवाज. कुणीतरी होडी जागच्या जागी तोलून धरली होती. अगदी जवळ. खाली.

ती बोळातून धावली.

नदीला भरती होती. खालच्या पायऱ्या बुडालेल्या. आणि लेनॉक्स मांड्यांपर्यंत पाण्यात होता. वर तोंड करून, नदीकडं पाठ. दोन्ही हात मागे ताणलेले, कुणी धरून ओढावेत तसे. टाचा पायरीवर रोवून तो जीव खाऊन उभा होता. तोंड उघडं. पण आवाज नाही.

त्याच्या मागे होडी नव्हती.

माणूस नव्हता.

नुसतं काळं पाणी. आणि वल्ह्यांचा आवाज.

एक टाच घसरली. तो कमरेपर्यंत गेला.

कुणीही किंचाळलं असतं. मी तर पळाले असते. पर्ल पायऱ्या उतरली, पाण्यात शिरली आणि त्याच्या पट्ट्याला दोन्ही हातांनी धरलं.

"सोडा त्याला!"

उत्तर म्हणून तिच्या छातीवर काहीतरी टेकलं. गार. गोल. दंडुक्याच्या टोकासारखं. आणि दाबायला लागलं. हट बाजूला, म्हणावं तसं.

पर्ल हटली नाही. उलट छाती पुढं काढली.

"मला ढकलतोस? मला? कागद दाखव आधी! कुणाच्या हुकमानं नेतोयस? राजाच्या? अरे मुडद्या, तुझा राजा मेला! त्याचा नातू मेला, पणतू मेला! तुझं जहाज कुजून त्याची माती झाली! तुम्हाला अजून माणसं लागतात? कशाला? कुणाशी लढताय तिथं खाली?"

दाब वाढला. तिचा श्वास कोंडला. लेनॉक्स छातीपर्यंत बुडाला होता. त्याचे डोळे तिच्यावर खिळले होते. ती आपल्याला सोडेल, असंच वाटत होतं त्याला. त्यानंच नंतर मेरियलला सांगितलं.

"हा माझा जावई आहे!" पर्ल ओरडली. अख्ख्या नदीला ऐकू जाईल अशी. "माझ्या पोरीच्या पोटात याचं लेकरू आहे! याला नेताय? न्या! आधी मला न्यावं लागेल, आणि मी तुम्हाला तिथंही सुखानं राहू देणार नाही!"

क्षणभर वल्ह्यांचा आवाज थांबला.

आणि तिच्या मागे, पायऱ्यांवर...

पावलं वाजली.

बूट नव्हेत. लाकडी तळव्यांच्या चपला. खूप साऱ्या. धडाधड उतरत येणाऱ्या.

आल्या एकदाच्या नर्सबाया, असं पर्लला वाटलं. वळून बघायला सवड नव्हती. "ओढा गं!" ती ओरडली. "याला धरा! ओढा!"

तिच्या खांद्यावर कुणीतरी हात टाकला. दुसरा हात तिच्या कानाजवळून पुढं गेला आणि लेनॉक्सची कॉलर धरली. उघडा दंड, थंडीनं लाल पडलेला. दोन्हीकडून बाया दाटल्या. ओल्या लोकरीचा वास, मासळीचा वास, जिनचा वास. कुणीतरी पातेल्यावर उलथनं बडवत होतं. कुणीतरी शिव्या देत होतं. अशा शिव्या, की पर्लनंसुद्धा कधी ऐकल्या नव्हत्या.

सगळ्यांनी मिळून एकच हिसडा दिला.

लेनॉक्स सुटला.

तो आणि पर्ल पायऱ्यांवर एकमेकांच्या अंगावर कोसळले. वल्ही घाईघाईनं पाण्यात पडली. आवाज लांब जायला लागला... पलीकडच्या काठाकडं... मग बंद.

एक पक्षी ओरडला. मग सगळेच.

"देवासारख्या धावलात गं पोरींनो," म्हणत पर्ल वळली.

मागे कुणीच नव्हतं.

रिकाम्या पायऱ्या. रिकामा बोळ.

आणि बोळाच्या पलीकडून धडका ऐकू येत होत्या. पबचं दार आतून कुणीतरी बडवत होतं.

दार अडकलं होतं. पर्लच्या मागे लागलं, ते कुणाला उघडेना. पबवाल्यानं शेवटी खांदा मारून उघडलं, तेव्हा नर्सबाया बाहेर आल्या. तोवर एकही बाई बाहेर पडलेली नव्हती. ग्वेंडानं हे पर्लला शपथेवर सांगितलं.

तिनंच लेनॉक्सला शेकोटीशी नेऊन बसवलं, ओले कपडे उतरवले. मनगटं पाहिली आणि उजेडाकडं वळवली. सगळा जन्म अपघात विभागात काढलेली बाई.

"चार जण होते," ती म्हणाली. "निदान चार. बोटं मोजता येतात बघ."

पर्लच्या कोटावर, खांद्यापाशी, काहीतरी चमकत होतं. तिनं नखानं खरवडलं.

माशाचे खवले होते.

पोलीस आले. पाय घसरला, प्यायला होता, दगड निसरडे असतात, असं म्हणून गेले. पबवाल्याला विचारलं तर तो पेले पुसत राहिला. एवढंच म्हणाला, "माझी आई भरतीच्या वेळी बाबांना त्या बोळात जाऊ द्यायची नाही."

आपल्या मराठीत पाण्याच्या भरतीला आणि माणसांच्या भरतीला एकच शब्द आहे. पर्लला मी ते सांगितलं, तेव्हा तिनं तो शब्द माझ्याकडून दोनदा म्हणवून घेतला.

सगळ्यांना वाटलं, लेनॉक्स आता काही जहाजावर जायचा नाही. मेरियल तर रडून सांगत होती, नको जाऊस. आणि जिनं वर्षभर 'खलाशी नको, खलाशी नको' म्हणून घर डोक्यावर घेतलं होतं, तीच पर्ल सोमवारी सकाळी त्याची बॅग उचलून दारात उभी राहिली.

"तो जाणार," ती म्हणाली. "नाही गेला, तर ते जिंकले. ऐक रे. आपल्या मर्जीनं जायचं, आपल्या मर्जीनं परत यायचं. आणि रॉटरडॅमला उतरायचं नाही."

"नाही उतरत, मिसेस डी."

"आणि ते मिसेस डी पुरे आता."

फेब्रुवारीत मुलगी झाली. लेनॉक्स आठवडाभर आधी घरी आला होता. मनगटांवरचे बोटांचे डाग तोवर फिकट व्हायला हवे होते.

झाले नाहीत.

पर्लनं टूर बंद केली नाही. गॅनेट घाटसुद्धा गाळला नाही. मी तिला म्हटलं, एवढा एक बोळ सोडला तर काय बिघडतं? ती माझ्यावरच उखडली. "माझी नदी आहे ती. मी का सोडू?"

एप्रिलमध्ये मी तिच्यासोबत गेले. लख्ख ऊन होतं. बाकीचे पबमध्ये शिरले, आणि आम्ही दोघीच बोळातून खाली आलो. पाणी चढत होतं. पर्ल सर्वांत खालच्या कोरड्या पायरीवर कमरेवर हात ठेवून उभी राहिली आणि नदीत पचकन थुंकली.

"ते परत आले तर?" मी विचारलं.

"येऊ देत की," ती म्हणाली. "आम्ही आहोत."

आम्ही.

मी मागे पाहिलं. बोळ रिकामा होता. वरून ऊन येत होतं, आणि भिंतीवर माझी एकटीचीच सावली होती.

कोण आम्ही, हे विचारायला मी तोंड उघडलं. तेवढ्यात कुणीतरी मला बाजूनं हलकेच ढोसलं. जरा सरकून घे, म्हणावं तसं.

मी निमूट सरकले. जागा करून दिली.