चढावरचं दुसरं इंजिन

कॅनडातल्या एटोबिकोच्या घरून निघून मिल्टन मागे टाकलं, की पाऊण तासाने आमची रेल्वे लागायची. आमची म्हणजे साठ-सत्तर हौशी लोकांची. कोणी निवृत्त पोस्टमास्तर, कोणी शेतकरी, एक दातांचा डॉक्टर. बंद पडलेला नऊ मैलांचा फाटा, सहा जुने डबे, शेपटाला गार्डाचा लाल डबा, त्याला तिकडे कबूस म्हणतात, आणि वाफेचं एक इंजिन. एकच. तेवढं मिळवायला सोसायटीची अकरा वर्षं आणि देव जाणे किती मीटिंगा गेल्या होत्या.

मी पाच दिवस बिस्किटांच्या कारखान्यात बॉयलर सांभाळायचो, शनिवारी आम्हा ज्यूंचा शब्बाथ, विश्रांतीचा दिवस, पाळायचो आणि रविवारी इथे येऊन फुकट कोळसा मारायचो. कॅनडात येण्याआधी कॅसलरॉकच्या घाटात सात वर्षं इंजिन चालवलं होतं. माझा कोळसा मारणारा जोडीदार खिडकीच्या काठावर माझ्या कोपरासाठी धुतलेलं फडकं घडी करून ठेवायचा. हे खरं. पण सांगताना मी त्यात एक वाघीण घातली, ती बोगद्यात व्यायली, म्हणून मेल तीन दिवस अडली. मग वाघीण चालली म्हणून एक हत्तीही घातला. झालं असं, की इंजिनही कोणी खरं मानेना. कमिटी म्हणाली, "ज्युडा, ड्रायव्हर व्हायचंय ना? परीक्षा दे."

साठीनंतर नवा ड्रायव्हर घ्यायचा नाही, हा त्यांचा नियम. मला नोव्हेंबरात साठ पुरी होत होती. परीक्षेचा रविवार आला ऑक्टोबरात, सन अठ्ठ्याहत्तर. नापास झालो तर पुढच्या वर्षापासून तिकिटं फाडायची. घरी बायको, व्हायोलेट, म्हणाली, "नको तो हट्ट. तिकिटं फाडताना निदान कपडे तरी स्वच्छ राहतील." तिला काय सांगणार!

परीक्षा साधी होती. भरलेली गाडी मेपलच्या जंगलातला दीड मैलाचा चढ न थांबता चढवायची. अडकलात तर तीन मिनिटं मिळतात. त्यात हललात तर ठीक, नाहीतर गाडी मागे उतरवायची आणि खाली उतरून हात धुवायचे.

परीक्षक लॉरेन्स, तोच दातांचा डॉक्टर. कोळशाला एडविन, वसईचा, वयाने माझ्याहून वीस वर्षांनी लहान.

"अंकल, आज मास चुकवून आलोय," फावडं उचलत तो म्हणाला. "फादर विचारतील तर सांगेन, नरकात शोव्हल करायची प्रॅक्टिस करत होतो."

"तुझी प्रॅक्टिस कधीच झालीय. कोळसा मागच्या कोपऱ्यात टाक, माझ्या बुटांवर नको."

लॉरेन्सला मराठी कळत नव्हतं. तो घड्याळ हातात घेऊन उभा होता.

पहिला मैल छान गेला. पुढे ओलं सावलीचं वळण आलं. रात्री पाऊस झाला होता आणि रुळांवर मेपलची पानं चिकटून बसली होती. चाकांनी त्यांचा लगदा केला. इंजिन एकदा घसरलं, दोनदा घसरलं. चाकांना पकड मिळावी म्हणून मी रुळांवर वाळू सोडली. एका बाजूची नळी तुंबलेली. चाकं जागच्या जागी भिरभिरली. मी वाफ बंद केली, ब्रेक लावला. गाडी थांबली. मागच्या सहा डब्यांतली माणसं खिडक्यांतून डोकावू लागली.

"तीन मिनिटं," लॉरेन्स म्हणाला. त्याला वाईट वाटलं होतं, ते दिसत होतं.

दोनदा प्रयत्न केला. दोन्ही वेळा चाकं फिरली, गाडी हलली नाही.

कॅसलरॉकला प्रत्येक गाडीच्या मागे ढकलायला दुसरं इंजिन असायचं. बँकर म्हणायचो. पुढच्या ड्रायव्हरने एक आखूड शिटी द्यायची, म्हणजे मी तयार आहे. बँकरनेही तशीच एक द्यायची, म्हणजे मीही. मग दोघांनी मिळून जोर लावायचा. सात वर्षं दिवसातून चारदा हेच केलं होतं. मी विचार केला नाही. हात आपोआप दोरीकडे गेला.

एक आखूड शिटी.

"अरे, याचा अर्थ 'थांबा'," लॉरेन्स हसला. "आपण थांबलेलोच आहोत."

मागून उत्तर आलं.

एक आखूड. आमच्या इंजिनाची शिटी जाड, तीन सुरांची. ही बारीक, एकाच सुराची होती.

"इको," लॉरेन्स म्हणाला.

एडविनचं फावडं अर्ध्यावर थांबलं होतं.

मग कड्या वाजल्या. इंजिन ओढतं तेव्हा डब्यांच्या कड्या पुढून मागे वाजत जातात. या मागून पुढे वाजत आल्या. कबूस, सहावा डबा, पाचवा, चौथा. शेवटची माझ्या पाठीशी वाजली आणि पाठीत हळूच ढोसणी बसली. मी ब्रेक सोडला. गाडी चढू लागली.

माथा आला. लॉरेन्सने खांद्यावर थाप मारली. "शाब्बास! कसं केलंस?"

घाटाचा नियम असा, की माथ्यावर पुढच्याने निरोपाची शिटी द्यायची: एक लांब, एक आखूड, एक लांब. ती ऐकल्याशिवाय बँकर ढकलणं सोडत नाही. पण ती दिली असती तर लॉरेन्सने विचारलं असतं, कोणासाठी? आणि गाडी मी चढवलीच नाही, हे मलाच सांगावं लागलं असतं.

मी काही वाजवलं नाही.

उतार लागला. मी वाफ बंद केली. वेग कमी होईना.

ब्रेक लावला. वेग वाढला.

खाली स्टेशन, स्टेशनापुढे रूळ संपतात. तिथे लाकडी आडसर, आणि आडसरामागे सफरचंदाचा रस विकणाऱ्या बायकांचं टेबल.

"ज्युडा, ब्रेक."

"लावलाय."

"पूर्ण लाव!"

"पूर्णच आहे."

चाकांखालून जळक्या लोखंडाचा वास येत होता. कड्या सगळ्या आवळलेल्या, एकही वाजत नव्हती.

"अंकल," एडविन मराठीत ओरडला, "त्याला जायला सांगा!"

"काय म्हणतोय तो?" लॉरेन्सने विचारलं.

मी दोरी ओढली. एक लांब. एक आखूड. एक लांब.

मागून तेच उत्तर आलं, सावकाश.

पाठीवरचा जोर गेला. कड्या सैल झाल्या आणि ब्रेक धरला. आडसर दहा फुटांवर असताना आम्ही थांबलो. टेबलामागच्या बायकांनी टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, हा खेळाचा भाग आहे.

लॉरेन्सने बराच वेळ घाम पुसला. मग कागदावर सही केली. अडकल्यावर तीन मिनिटांच्या आत हललो होतो. नियमात उताराबद्दल काही नव्हतं. मी कागद खिशात घातला. साठीला आलेला माणूस इतकाही प्रामाणिक नसतो.

गार्ड हेरॉल्ड कबूसमधून चालत आला. सत्तरीचा शेतकरी, न पाहिलेलं कधी न बोलणारा.

"दुसरं इंजिन कोणी आणलं?" त्याने जरा रागानेच विचारलं. "मीटिंगमध्ये कुणी बोललं नाही. तुझी 'थांबा'ची शिटी ऐकून मी ब्रेकला हात घातला, तर हे मागून येऊन लागलं. लहानसं, काळं. खाली उतरेपर्यंत चिकटून होतं. शेवटच्या शिटीनंतर पाहिलं, तर नाही."

"कोण होतं त्यात?" मी विचारलं.

"कोळसा मारणारा एकजण. वळणावर दिसला. एकटाच राबत होता बिचारा."

"आणि ड्रायव्हर?"

"ड्रायव्हरची खिडकी रिकामी होती. तीही आपल्यासारखी उजवीकडे नाही, डावीकडे."

इथली इंजिनं उजवीकडून चालवतात. आमची घाटातली डावीकडून.

"रिकामी म्हणजे," हेरॉल्ड म्हणाला, "कुणाची तरी वाट पाहत असल्यासारखी. काठावर कोपर टेकायला फडकं घडी करून ठेवलं होतं. धुतलेलं."